उशिरा पोचलेला कॅमेरा

पेनसिल्व्हेनियातल्या गेटिसबर्ग या लहानशा गावाबाहेर 1863 च्या जुलै महिन्यात तीन दिवस लढाई झाली. दोन्ही बाजूंचे मिळून सुमारे 51,000 सैनिक मारले गेले, जखमी झाले, पकडले गेले किंवा बेपत्ता झाले. अमेरिकेच्या यादवी युद्धातली ही सर्वांत रक्तरंजित लढाई. त्यानंतर सव्वाशे वर्षांनी, 1980 च्या दशकात, काही माणसे 16 मिलिमीटरचा फिल्म कॅमेरा घेऊन तिथे गेली. त्यांना ही लढाई दाखवायची होती. समोर होते गवत, दगडी स्मारके, जुन्या तोफा आणि सहलीला आलेली कुटुंबे.

कॅमेरा कुठे लावायचा?

ऐतिहासिक माहितीपटाच्या कॅमेरामनला आयुष्यभर हाच प्रश्न सोडवत बसावे लागते. वार्ताचित्रण करणारा माणूस घटनेच्या मागे धावतो, कधी तिच्या पुढेही जाऊन उभा राहतो. कथापटाच्या छायालेखकासमोर घटना घडवून आणली जाते, आणि नीट जमली नाही तर पुन्हा घडवली जाते. इतिहास टिपायला निघालेला मात्र नेहमीच उशिरा पोचतो. तो येईपर्यंत सगळे आटोपलेले असते. उरलेल्या वस्तू, जागा आणि माणसे यांच्याकडेच त्याला पाहायचे असते. ते कसे पाहायचे यात त्याचे सगळे कसब आहे.

गेटिसबर्ग, अँटिएटम, शायलो या रणभूमींवर त्या मंडळींनी काय केले, ते 1990 च्या सप्टेंबरात अमेरिकेने पाहिले. ‘द सिव्हिल वॉर’ ही नऊ भागांची, सुमारे अकरा तासांची मालिका सलग पाच रात्री सार्वजनिक दूरचित्रवाणीवर दाखवली गेली आणि जवळपास चार कोटी लोकांनी ती पाहिली. पहाटेच्या लालसर आकाशासमोर काळीभोर दिसणारी एकटी तोफ, धुक्यातले कुंपण, पाण्यावर पसरत जाणारा प्रकाश अशी तिची दृश्ये होती. माणूस एकही नाही, आणि वरून एखाद्या सैनिकाचे पत्र वाचले जात असते. मालिका करायला पाच वर्षांहून अधिक काळ लागला, म्हणजे प्रत्यक्ष युद्धापेक्षाही जास्त. चित्रीकरणावर तिघांची नावे आहेत: दिग्दर्शक केन बर्न्स, ॲलन मूर आणि बडी स्क्वायर्स.

यांपैकी बर्न्स यांचे नाव जगभर झाले. या प्रकरणात मला बोलायचे आहे ते स्क्वायर्स यांच्याबद्दल. गेल्या चार दशकांत अमेरिकेने आपला इतिहास पडद्यावर जसा पाहिला, त्याचा फार मोठा भाग या माणसाच्या डोळ्यांतून पाहिला आहे, आणि तरीही प्रेक्षकांना त्यांचे नाव क्वचितच आठवते. पूल, पुतळा, बेसबॉल, जॅझ, राष्ट्रीय उद्याने, दारूबंदी, दुसरे महायुद्ध, रूझवेल्ट घराणे, व्हिएतनाम, कंट्री संगीत अशी त्यांच्या विषयांची यादी वाचताना एखाद्या विश्वकोशाची अनुक्रमणिका चाळल्यासारखे वाटते.

सुरुवात मॅसॅच्युसेट्समधल्या ॲमहर्स्टच्या हॅम्पशायर कॉलेजात झाली. 1970 साली उघडलेले हे कॉलेज प्रयोगशील होते. तिथे चित्रपट शिकायला आलेल्या मुलांना जे गुरू लाभले ते मुळात स्थिरचित्रकार होते. जेरोम लीबलिंग हे त्यांतले प्रमुख. ब्रुकलिनमध्ये वाढलेले, रस्त्यावरच्या साध्या माणसांचे फोटो काढणारे. या योगायोगाचे महत्त्व मला फार वाटते. हलत्या चित्रांची भाषा शिकण्याआधी ही मुले थांबलेल्या चित्रासमोर उभे राहायला शिकली. एका चौकटीत किती माहिती मावते, चेहऱ्यावरचा उजेड कुठून येतो, काठावर कापला गेलेला हात काय सांगतो, हे त्यांच्या अंगवळणी पडले. 1976 साली यातल्या काहींनी मिळून ‘फ्लोरेंटाइन फिल्म्स’ ही संस्था काढली. बर्न्स, स्क्वायर्स आणि रॉजर शेरमन हे तिचे संस्थापक. नाव ऐकून इटलीतले फ्लॉरेन्स आठवते, पण ते आले आहे मॅसॅच्युसेट्समधल्याच फ्लॉरेन्स नावाच्या गावावरून.

पहिला मोठा विषय होता ब्रुकलिनचा पूल. इतिहासकार डेव्हिड मॅकलॉ यांचे या पुलावरचे पुस्तक 1972 साली आले होते. त्यावरून बर्न्स यांनी माहितीपट करायचे ठरवले. 1981 साली तो पुरा झाला आणि ऑस्करच्या नामांकनापर्यंत पोचला. पूल बांधून 1883 साली खुला झालेला, म्हणजे बांधणारे सगळे कधीच गेलेले. पूल स्वतः हलत नाही. मग चित्रपटात हलायचे काय? उत्तर होते प्रकाश. मनोऱ्यांच्या कमानींमधून सकाळचा प्रकाश वेगळा येतो, संध्याकाळचा वेगळा. खालून पाहिले तर पोलादी दोरांचे जाळे आकाशावर ताणलेले दिसते, जवळ गेले तर तेच दोर सतारीच्या तारांसारखे वाटतात.

या पुलाच्या कहाणीतला एक तपशील मला नेहमी आठवतो. मुख्य अभियंता वॉशिंग्टन रोबलिंग यांना नदीच्या तळाशी दाबाच्या हवेत काम करताना जडलेल्या विकाराने अंथरुणाला खिळवले. पुढची कित्येक वर्षे ते घराच्या खिडकीतून दुर्बीण लावून पुलाचे काम पाहत, आणि त्यांची पत्नी एमिली त्यांच्या सूचना कामावर पोचवी. दुरून, भिंगातून, जिथे आपल्याला जाता येत नाही तिकडे टक लावून पाहणारा तो माणूस. इतिहासाचा कॅमेरामन याच खिडकीत बसलेला असतो.

त्यातल्या त्यात यादवी युद्धाची गोष्ट थोडी सोपी होती, कारण त्या युद्धाचे फोटो होते. पण हे फोटो कसे निघाले ते समजून घेतले पाहिजे. तेव्हा काचेच्या पट्टीवर कोलोडियन नावाचे चिकट द्रावण ओतत, ती चांदीच्या क्षारात बुडवत आणि ओली असतानाच कॅमेऱ्यात घालून फोटो काढत. पट्टी सुकली की निकामी. त्यामुळे रणांगणावर घोडागाडीत अंधारी खोली घेऊन जावे लागे. एक्स्पोजर काही सेकंदांचे. तेवढ्या वेळात जे हलेल ते पुसट होणार. म्हणून त्या युद्धातल्या धावत्या चढाईचा फोटो नाही. आहेत ती लढाईआधी ताठ बसलेली तरुण मुले, तंबू, पूल, तोफा, आणि लढाईनंतरचे मृतदेह. अलेक्झांडर गार्डनर यांनी 1862 च्या सप्टेंबरात अँटिएटमला काढलेले मृत सैनिकांचे फोटो महिनाभरातच न्यू यॉर्कमध्ये मॅथ्यू ब्रेडी यांच्या दालनात लागले, तेव्हा शहरातल्या लोकांना युद्ध पहिल्यांदा डोळ्यांनी दिसले. या कामासाठी ब्रेडी कर्जात बुडाले. सरकारने त्यांचा संग्रह 1875 साली 25,000 डॉलरना विकत घेतला. ते फोटो जपले गेले म्हणून शंभर वर्षांनी कुणाला तरी त्यांच्यासमोर फिल्म कॅमेरा मांडता आला.

फोटोचे चित्रीकरण म्हणजे काय, याची कल्पना घरी बसून येऊ शकते. घरातला जुना, लग्नातला नाहीतर मुंजीतला सामूहिक फोटो घ्या. जाड कागदात मधोमध वर्तुळाकार भोक पाडा आणि ते भोक फोटोवरून हळूहळू सरकवा. आधी फक्त एक चेहरा दिसेल. मग शेजारच्या बाईचा त्याच्या खांद्याकडे आलेला हात. मग तिच्या पदराआड अर्धे लपलेले मूल, जे सगळे पुढे बघत असताना एकटेच बाजूला बघते आहे. ते कुणाकडे बघते आहे हे शोधायला तुम्ही आपोआप भोक त्या दिशेला न्याल. बघता बघता एका थांबलेल्या क्षणातून गोष्ट तयार झाली. माझ्या आजीच्या माहेरच्या एका फोटोत असे करताना मला मागच्या दारात उभी असलेली एक बाई दिसली. ती कोण, हे सांगू शकणारे घरात कुणी उरले नव्हते. इतकी वर्षे तो फोटो भिंतीवर होता आणि आम्ही तिला पाहिलेच नव्हते.

बर्न्स आणि त्यांचे सहकारी नेमके हेच करत. फोटो फळीवर चुंबकांनी धरून ठेवायचा, समोर कॅमेरा लावायचा आणि जिवंत प्रसंग चित्रित करावा तसा तो चित्रित करायचा: आधी दुरून सगळा, मग एक गट, मग एकच चेहरा, मग नुसते डोळे किंवा बंदुकीवर आवळलेली बोटे. कधी बोटांपासून सुरुवात करून वर चेहऱ्याकडे जायचे. ‘द सिव्हिल वॉर’साठी असे हजारो फोटो चित्रित झाले. ही पद्धत त्यांनी शोधून काढलेली नव्हती. कॅनडाच्या नॅशनल फिल्म बोर्डात कॉलिन लो आणि वुल्फ कनिग यांनी 1957 साली ‘सिटी ऑफ गोल्ड’ हा सोन्याच्या शोधात वसलेल्या डॉसन सिटीवरचा माहितीपट अशाच जुन्या काचपट्ट्यांवरच्या चित्रांतून उभा केला होता, आणि बर्न्स यांनी त्याचे ऋण मान्य केले आहे. पुढे 2003 साली ॲपल कंपनीने आपल्या संकलनाच्या सॉफ्टवेअरमध्ये फोटोवरून सरकण्याची सोय दिली आणि तिला बर्न्स यांचेच नाव दिले. आज लग्नाच्या प्रत्येक व्हिडिओत ते सरकणे दिसते. फरक एवढाच की सॉफ्टवेअर कोपऱ्यातून निघून दुसऱ्या कोपऱ्यात पोचते. माणूस फोटोकडे आधी तासभर पाहतो, मग कुठे थांबायचे ते ठरवतो.

पाहताना सावधही राहावे लागते. गेटिसबर्गच्या फोटोंपैकी अतिशय गाजलेला एक आहे: दगडांच्या आडोशाला पडलेला बंडखोर नेमबाज, शेजारी टेकवून ठेवलेली बंदूक. विल्यम फ्रासॅनिटो या अभ्यासकाने 1975 साली प्रत्यक्ष जागा शोधून, फोटोतला दगड अन् दगड जुळवून दाखवून दिले की हाच मृतदेह दुसऱ्या ठिकाणच्या फोटोंतही आहे. फोटोवाल्यांनी तो उचलून या आडोशाला आणून ठेवला होता. मरण खरे होते, मांडणी त्यांची होती. जुन्या चित्रावर कॅमेरा फिरवणाऱ्याने आधीच्या माणसाची ही निवडही वाचायला हवी, नाहीतर त्याची चूक आपण मोठी करून दाखवतो.

फोटोच नसतील तर? ल्यूइस आणि क्लार्क या अमेरिकन शोधप्रवाशांची 1804 ते 1806 मधली मोहीम छायाचित्रणाच्या शोधाआधीची. त्यावरच्या 1997 च्या माहितीपटात स्क्वायर्स यांच्यासमोर रोजनिशांमधले शब्द होते आणि भूमी होती. मिझुरी नदी, माँटानातले पांढरे कडे, रॉकी पर्वत. प्रवासी ज्या ऋतूत जिथे होते त्या ऋतूत तिथे जायचे, तारा-खांब-रस्ते चौकटीत येणार नाहीत असा कोन शोधायचा आणि हवामान अनुकूल होईपर्यंत थांबायचे. राष्ट्रीय उद्यानांवरच्या 2009 च्या मालिकेसाठी तर सहा वर्षांहून अधिक काळ चित्रीकरण चालले, फ्लोरिडाच्या दलदलीपासून अलास्काच्या उत्तर भागापर्यंत. 2025 च्या नोव्हेंबरात आलेल्या अमेरिकन क्रांतीवरच्या सहा भागांच्या मालिकेचे छायाचित्रणही त्यांचेच. तिथे जुन्या पोशाखात लढाया उभ्या करणाऱ्या हौशी मंडळींची मदत घेतली आहे, पण कुणी जॉर्ज वॉशिंग्टन झाला आहे आणि संवाद म्हणतो आहे असे नाही. चिखलातून चालणारे पाय, थंडीत निघणारी वाफ, धुरात हरवणाऱ्या आकृत्या एवढेच दिसते. मला हा संयम पटतो. नट दाखवला की प्रेक्षक त्याचा अभिनय तपासू लागतो. बर्फात रुतलेला पाय दाखवला की त्याला थंडी वाजते.

मोकळ्या जागेकडे पाहण्याची याहून कठोर रीत युरोपात घडली. ॲलाँ रेने यांचा ‘नाइट अँड फॉग’ 1955 चा, फक्त 32 मिनिटांचा. गिस्लँ क्लोके आणि साशा व्हिएर्नी यांचा कॅमेरा आउश्वित्झच्या ओस पडलेल्या नाझी छावणीतून रुळांवरून सरकल्यासारखा संथ जात राहतो, रंगीत फिल्मवर. गवत हिरवे, आकाश निळे. आणि मधेच कृष्णधवल जुनी दृश्ये येतात. छावण्या बंद पडून जेमतेम दहा वर्षे झाली होती, तरी गवताने सगळे झाकायला घेतले होते. पुढे क्लोद लाँझमान यांनी ‘शोआ’मध्ये (1985) जुने एकही दृश्य वापरायचे नाही असे ठरवले. साडेनऊ तासांच्या त्या चित्रपटात आजची झाडे, आजचे रूळ आणि आज बोलणारी माणसेच आहेत. सुरुवातीला पोलंडमधल्या हेल्मनोच्या नदीत एक माणूस नावेत बसून गाताना दिसतो. लहानपणी, कैदी असताना, त्याला त्याच नदीवर गायला लावत असत. तीन कॅमेरामननी मिळून टिपलेल्या त्या चित्रपटात जागेला साक्षीदाराचे स्थान मिळाले.

पानिपतच्या रणभूमीचा विचार केला की मला हे सगळे आठवते. 14 जानेवारी 1761, मकर संक्रांतीच्या सुमाराची उत्तरेतली थंडी. छायाचित्र असणे शक्यच नाही. पण उपाशी मराठा सैन्यावर उगवलेली ती थंडीची सकाळ त्या मैदानात आजही दर जानेवारीत येते. तिच्यासाठी कुणी आठवडाभर पहाटे तिपाई लावून उभे राहील का, हा माझा मनापासूनचा प्रश्न आहे. पत्रे आपल्याकडे आहेत, बखरी आहेत, जमीन आहे.

भूमी वाट पाहते. माणसे पाहू शकत नाहीत. दुसऱ्या महायुद्धावरची ‘द वॉर’ ही 2007 ची मालिका करायला घेताना बर्न्स सांगत की त्या युद्धातले अमेरिकन सैनिक रोज सुमारे हजाराच्या संख्येने जग सोडून जात आहेत. वॉटरबरी, मोबील, सॅक्रामेंटो आणि लुव्हर्न या चार गावांतल्या साध्या माणसांवर ती उभी आहे. त्यानंतर दहा वर्षे खपून केलेली, 2017 साली दाखवलेली व्हिएतनाम युद्धावरची अठरा तासांची मालिका. दिग्दर्शन बर्न्स आणि लिन नोव्हिक यांचे, छायाचित्रण स्क्वायर्स यांचे. तिच्यात जवळपास ऐंशी साक्षीदार बोलतात, अमेरिकन आणि व्हिएतनामी, जिंकलेले आणि हरलेले.

मुलाखतीचे चित्रीकरण प्रेक्षकाला सोपे वाटते. माणूस खुर्चीत बसतो, बोलतो. पण सत्तरीतला एक माणूस आयुष्यात जे बायकोलाही सांगितले नाही ते सांगणार असतो, तेव्हा त्याच्या डोळ्यांवर दिव्यांचा मारा करून चालत नाही. खिडकीच्या उजेडाशी मिळताजुळता, एका बाजूने येणारा मऊ प्रकाश हवा. मागची खोली धूसर, म्हणजे घरपण जाणवेल पण कपाटावरच्या वस्तूंकडे लक्ष जाणार नाही. प्रश्न विचारणारा भिंगाला अगदी खेटून बसलेला, म्हणजे बोलणाऱ्याची नजर आपल्यापासून किंचितच बाजूला राहते. 16 मिलिमीटर फिल्मच्या काळात चारशे फुटांचे एक रीळ अकरा मिनिटे चाले. कॅमेरामन मनात हिशेब करत असतो: किती उरले, आणि हा माणूस आता मुद्द्यावर येणार आहे का? चुकीच्या क्षणी रीळ संपले तर ते वाक्य पुन्हा तसे येत नाही. आणि बोलणे थांबले म्हणून कॅमेरा थांबवायचा नाही. माणूस गप्प होतो, खाली बघतो, ओठ घट्ट मिटतो. संकलनाच्या टेबलावर तेच काही सेकंद सोन्यासारखे ठरतात. फोटोतल्या हाताकडे टक लावून बघायला शिकलेला डोळाच इथे कामी येतो.

आपल्याकडे पाहायचे तर हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर, म्हणजे सावेदादा, उशिरा पोचलेले नव्हते. केंब्रिजला गणितात पहिले येऊन रँग्लर परांजपे 1901 च्या डिसेंबरात मुंबईला उतरले तेव्हा सावेदादा कॅमेरा घेऊन हजर होते. त्यांच्या दृष्टीने ती ताजी बातमी होती. आज ती फिल्म हाती असती तर आपण तिच्यातला एकेक फेटा, एकेक चेहरा थांबवून पाहिला असता. ती हाती नाही. विठ्ठलभाई झवेरी यांनी 1968 साली गांधीजींवर केलेला सुमारे साडेपाच तासांचा ‘महात्मा’ हा माहितीपट शक्य झाला तो मात्र वेगवेगळ्या कॅमेरामननी त्या त्या दिवशी टिपलेली आणि कुणीतरी सांभाळलेली दृश्ये गोळा करता आली म्हणूनच.

स्क्वायर्स यांच्याही बाबतीत एकदा कॅमेरा वेळेवर पोचला होता, आणि तेव्हा ते कुणाला कळले नव्हते. केन यांचे धाकटे बंधू रिक बर्न्स यांनी न्यू यॉर्क शहराच्या चारशे वर्षांच्या इतिहासावर मालिका केली. तिच्या छायाचित्रणात स्क्वायर्स होते, आणि तिचे पहिले भाग 1999 साली दाखवले गेले. त्यासाठी शहर वरून, पाण्यावरून, पहाटे, संध्याकाळी टिपले गेले. मॅनहॅटनच्या दक्षिण टोकाला तेव्हा वर्ल्ड ट्रेड सेंटरचे दोन मनोरे उभे होते. दृश्याचा एक भाग म्हणून ते चौकटीत आले. चित्रीकरण चालले होते ते जुन्या बंदराच्या, स्थलांतरितांच्या, पुलांच्या गोष्टीसाठी. 2001 च्या सप्टेंबरानंतर मालिकेला आठवा भाग जोडावा लागला. तो 2003 साली आला, आणि त्याचा विषय ते दोन मनोरेच होते.